ठरलेली बरोबरी

पूर्वार्धातला तो बॉल कसा अडवला, हे रक्षाला तिचं तिलाही नीट सांगता आलं नसतं. पिवळ्या जर्सीतल्या एका दांडग्या पोरीनं डाव्या अंगानं मुसंडी मारली, पाय उचलला, आणि त्यानंतर रक्षाला कळलं ते एवढंच की आपण आडव्या पडलो आहोत आणि हातमोज्यांच्या आत बोटं झिणझिणताहेत. बॉल खांबाच्या बाहेरून निघून गेला होता. कोपर सोललं होतं, तोंडात माती गेली होती, आणि तरी तिला हसू आवरत नव्हतं.

वर्ध्याच्या क्रीडासंकुलाच्या पायऱ्यांवर तिचे बाबा, महादेवराव, उभे राहून शेजारच्या अनोळखी माणसाला सांगत होते, "थे गोलकीपर हाय नं, माह्यी पोरगी हाय."

महादेवरावांना फुटबॉलातलं फार कळत होतं अशातला भाग नाही. समुद्रपूरजवळ त्यांची शेती. कापसाची वेचणी ऐन भरात असताना मजूर बायांच्या भरवशावर वावर टाकून ते आणि रक्षाची आई कौशल्याबाई सकाळच्या एसटीनं आले होते. रक्षा अकरावीला, बोरगाव मेघेला मावशीकडे राहून शिकत होती. उंच आहेस म्हणून गोलमध्ये उभी राहा, असं कोणीतरी म्हणालं आणि ती उभी राहिली. तिथून ती जिल्ह्याच्या संघाची गोलकीपर झाली. परदेशात भरणाऱ्या युवा क्रीडास्पर्धांसाठी देशाचा मुलींचा संघ निवडायचा होता आणि ही त्याची विभागीय पात्रता फेरी होती. इथून दोन संघ पुढच्या फेरीला जायचे. त्या पुढच्या फेरीच्याही पुढे आणखी किती फेऱ्या, हे गावात कोणाला ठाऊक नव्हतं. महादेवरावांनी मात्र 'पोरगी फॉरेनले जाऊन राह्यली' असं पारावर आधीच सांगून टाकलं होतं.

मध्यंतर झालं तेव्हा गोल कोणाचाच नव्हता. पोरी घामेजून गवतावर बसल्या, संत्र्याच्या फोडी चोखू लागल्या. प्रफुल सर कुठे दिसेनात. मग रक्षाला ते पाण्याच्या टँकरमागे दिसले. पिवळ्या संघाच्या भूपेंद्र सरांशी ते मान खाली घालून बोलत होते. दोघांच्या हातात चहाचे कागदी कप होते आणि दोघंही चहा पीत नव्हते.

प्रफुल सर म्हणजे या पोरींचं सर्वस्व. काटेरी, खडकाळ मैदान त्यांनी स्वतः साफ केलं होतं, पोरींच्या घरोघर जाऊन आईबापांची समजूत घातली होती. रक्षाच्या घरी तर ते बाजेवर दुपारभर बसून राहिले होते, महादेवराव हो म्हणेपर्यंत उठलेच नाहीत. त्यांचा शब्द पोरींसाठी काळ्या दगडावरची रेघ.

सर आले आणि पोरींच्या मधोमध उकिडवे बसले. आवाज खाली होता.

"ऐका. सकाळी मेळघाटच्या पोरी सहा गोलनं जिंकल्या. त्याइच्या साऱ्या मॅची झाल्या. त्याइचे पॉइंट चार. आपलेबी चार, ह्या पिवळ्याइचेबी चार. आता आपल्या दोघाइतून जो हारन तो चारवरच राहीन, अन् मेळघाटवाल्याइचे गोल जास्त. म्हंजे हारला तो घरी. पण बरोबरी झाली, त आपले पाच, ह्याइचे पाच. दोघंबी पुढं."

"मंग?" कप्तान अंजूनं विचारलं.

"मंग काई नाई. गोल करू नका, खाऊ नका. भूपेंद्र सरसंग माह्यं बोलणं झालं. त्याइच्या पोरीबी बॉल तिकडच्या तिकडं फिरवतीन. कोणी कोणाच्या गोलकडं जाणार नाई."

संत्र्याची फोड अंजूच्या हातात तशीच राहिली. "सर, हे चालते का?"

"गोल कराच, असं कोणत्या नियमात हाय?" सर तिच्याकडे न बघता म्हणाले. "मागच्या साली शेवटच्या मिनिटाले आपण बाहेर पडलो. तुमी रडल्या, मीबी रडलो. कोण आलतं इचारायले? ह्या साली मी तुमाले बाहेर पडू देणार नाई. बस."

रक्षाच्या पाठीतून आधी एक गार शिरशिरी गेली. आपल्याला मारायला, धावायला, पडायला शिकवणारा माणूस आपल्याला खेळू नका म्हणतो आहे, हे तिच्या डोक्यात शिरेना. पण त्या शिरशिरीच्या खालोखाल दुसरंही काही होतं आणि ते तिला लपवता येईना. तिला हायसं वाटलं होतं. आता गोल होणार नव्हता. गोलकीपरला आणखी काय हवं असतं?

उत्तरार्ध सुरू झाला, म्हणजे शिट्टी वाजली. बॉल अंजूकडून डावीकडे, डावीकडून मागे, मागून पुन्हा अंजूकडे. मग कोणीतरी तो मुद्दाम हलकेच पिवळ्यांच्या पायात द्यायचं आणि पिवळ्या पोरी आपल्या अर्ध्यात तेच करायच्या. सुरुवातीला लोकांना वाटलं, पोरी दमल्या. मग वाटलं, काही डावपेच असेल. मग पायऱ्यांवरून शिट्ट्या सुरू झाल्या.

गोलच्या डाव्या बाजूच्या पायऱ्यांवर मेळघाटच्या पोरी बसल्या होत्या. सामान बांधून झालं होतं, बॅगा पायाशी होत्या, पण निकाल कळल्याशिवाय त्या निघणार नव्हत्या. आधी त्या दोन्ही संघांना टाळ्या वाजवत होत्या. रक्षा त्यांच्याकडे बघायचं टाळत होती, पण गोलकीपरला काम नसलं की डोळे भटकतात. एकेक करून त्यांच्या टाळ्या थांबताना तिनं पाहिलं. एका पोरीनं बॅग मांडीवर घेतली आणि तिच्यावर डोकं टेकवलं. त्यांच्या आनंदाबाई, पन्नाशीच्या, सुती साडीतल्या शिक्षिका, हाताची घडी घालून सरळ समोर बघत होत्या. त्या रक्षाकडेच बघताहेत असं रक्षाला वाटत राहिलं.

तेवढ्यात पायऱ्यांवर गलका झाला. मेळघाटच्या गाडीचा ड्रायव्हर उठून मैदानाकडे हात करत काहीतरी ओरडत होता आणि महादेवराव त्याच्या अंगावर धावून गेले होते. शब्द ऐकू येत नव्हते. कौशल्याबाई नवऱ्याची बाही धरून ओढत होत्या. दोनचार जणांनी मध्ये पडून दोघांना बसवलं. बाबा चिडलेले रक्षानं पाहिले होते, पण परक्या माणसाच्या अंगावर हात उगारलेला कधी पाहिला नव्हता. कशावरून झालं असेल, हे तिला कळायला हवं होतं. तेव्हा कळलं नाही.

शेवटची काही मिनिटं उरली असताना भूपेंद्र सरांनी एक पोरगी बदलली. दमलेलीला बाहेर काढून बारा नंबरची, बारकीशी, केस तेल लावून चापून बसवलेली पोरगी आत पाठवली. तिलाही थोडं खेळायला मिळावं, एवढाच त्यांचा हेतू असावा.

पिवळ्यांच्या एका बचावपटूनं बॉल तिच्याकडे ढकलला. तिनं तो अडवला, मागे वळून पाहिलं, आणि मग पुढे पाहिलं. पुढे मोकळं मैदान होतं.

ती निघाली.

निळ्या जर्सीतल्या आपल्या पोरींतली कोणीच तिच्या आड गेली नाही. अंजू तर बाजूला झाली आणि हातानं 'जा, फिर मागं' अशी खूण करून मोकळी झाली. रक्षा हातमोज्याचा पट्टा आवळत होती. तिनं मान वर केली तेव्हा ती पोरगी गोलपुढच्या पेनल्टी बॉक्सच्या कडेला आली होती. येईल आणि वळेल, रक्षाच्या मनात आलं. ठरलंय. घाबरण्यासारखं काही नव्हतं. मैदानाच्या पलीकडून भूपेंद्र सर ओरडत होते, "मागं ये, मागं ये." ती पोरगी आणखी पुढे आली. तिचे डोळे मोठे झालेले रक्षाला दिसले, नाकपुड्या हलताना दिसल्या, इतकी ती जवळ होती. आता वळेल.

बॉल काही जोरात मारलेला नव्हता. पूर्वार्धातल्या त्या बॉलच्या निम्म्यानंही नाही. रक्षानं नुसता पाय लांब केला असता तरी अडला असता. तो तिच्या बाजूनं, गवतावरून, जणू वाट विचारत विचारत गेला आणि जाळीला टेकून थांबला.

रक्षा पट्टा धरून उभीच होती.

मैदानावर कसलाही आवाज नव्हता. गोल करणारी पोरगी उड्या मारत नव्हती. तिच्या संघातली एकही तिच्याकडे धावली नाही. पिवळ्या आणि निळ्या, सगळ्या पोरी जिथल्या तिथे थिजून त्या बॉलकडे बघत होत्या, जणू तो कोणी भलत्यानंच आत आणून ठेवला होता. रेफरीनं शिट्टी वाजवून मध्याकडे हात केला. आणि मग डाव्या बाजूच्या पायऱ्यांवरून किंकाळी उठली. मेळघाटच्या पोरींना आत्ता कुठे उलगडलं होतं. एक दुसरीला विचारत होती, दुसरी तिसरीला, आणि तिघी एकमेकींच्या गळ्यात पडून रडत होत्या.

प्रफुल सर तरातरा रेफरीकडे गेले. बोट वर होतं, चेहरा लाल झाला होता.

"रेफरी, हे असं..."

"काय झालं?" रेफरीनं विचारलं. "ऑफसाइड नव्हता, सर."

"ऑफसाइडचं नाई. हे..." सरांचं बोट हवेत राहिलं. रेफरी थांबला होता, लाइनवरचा माणूसही जवळ आला होता. दोघंही ऐकायला तयार होते. सरांचं तोंड उघडं होतं आणि त्यातून शब्द येत नव्हता. कसा येणार? तक्रार करायची तर आधी काय ठरलं होतं ते सांगावं लागणार होतं.

"काई नाई," सर म्हणाले. बोट खाली आलं.

मग आपल्या पोरी खेळायला गेल्या, पण पाय आता ऐकेनात. इतका वेळ निजवलेला खेळ हाक मारली म्हणून जागा होत नसतो. अंजूचा पास बाहेर गेला, दुसरीचा पिवळ्यांच्या पायात. पिवळ्या मात्र आता मनापासून खेळत होत्या, कारण त्यांना आता काहीच ठरवायची गरज उरली नव्हती. लांब शिट्टी वाजली. पिवळे पहिले, मेळघाट दुसरे.

पोरी रडल्या. रक्षाला रडू येईना. तिनं हातमोजे काढले, आणि ती नळाकडे गेली.

नळावर बारा नंबरची ती पोरगी एकटीच होती. तोंड धुऊन झालं होतं तरी पाण्याखाली हात धरून उभी होती. गर्दीत लोक भूपेंद्र सरांचे हात हातात घेऊन अभिनंदन करत होते आणि मघाशी 'मागं ये' ओरडणारे सर ते अभिनंदन घेत होते.

"नाव काय तुह्यं?" रक्षानं विचारलं.

"मोहिनी."

"तुले सांगतलं नोतं का?"

"सांगतलं होतं," मोहिनी म्हणाली. "बेंचवरच्या साऱ्याइले सांगतलं होतं."

"मंग काऊन मारला?"

मोहिनीनं नळ बंद केला. पुन्हा चालू केला. "मी साऱ्या स्पर्धेत पयल्यांदाच आत आली. बॉल पायात आला अन् समोर कोणीच नोतं. माह्ये पाय चालत गेले. सर बोंबलून राह्यलते थेबी आयकू आलं." ती थांबली. मग एकदम रक्षाकडे वळून, जवळजवळ रागानं म्हणाली, "अन् मी जोरात थोडीच मारला? मले वाटलं, तू अडवशीन. पयल्या हाफपासून तुह्या खेळ पाहून राह्यली मी. मले वाटलं, हिच्या हातात जाईन अन् गोष्ट खतम होईन. तू त हललीच नाई."

कानशिलात कोणी लगावली असती तर रक्षाला निदान गाल चोळता आला असता. ही पोरगी वळेल, म्हणून ती उभी राहिली होती. आणि ती अडवेल, म्हणून या पोरीनं मारला होता. दोघींनीही एकमेकींवर भरवसा ठेवला होता आणि खेळली कोणीच नव्हती.

"माह्या टीममधली एकबी माह्यासंग बोलून नाई राह्यली," मोहिनी म्हणाली. "जितली तरी." मग तिला कोणीतरी फोटोसाठी हाक मारली आणि ती गेली.

महादेवराव पायऱ्यांच्या टोकाशी वाट बघत उभे होते. कौशल्याबाई पिशव्या घेऊन एसटी स्टँडवर पुढे गेल्या होत्या, जागा धरायला. बाबा तिच्यावर रागावले नव्हते, हे तर आणखी अवघड होतं.

"हारणं जितणं चालतेच," ते म्हणाले. "पण बेटा, मले एक सांग. थो बॉल त पोरासोराइनं बी अडवला असता. तू काऊन उभी राह्यली?"

उन्हाची तिरीप डोळ्यांवर आली, असं सांगता आलं असतं. पाय मुरगळला, असंही. प्रफुल सर म्हणाले होते, ही गोष्ट आपल्यातच राहिली पाहिजे. रक्षानं बाबांच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि सगळं सांगितलं. टँकर, चहा, चार पॉइंट, पाच पॉइंट, नळावरची मोहिनी. स्वतःला हायसं वाटलं होतं, तेही.

महादेवराव ऐकत होते. ऐकता ऐकता ते पायरीवर बसले.

"म्हंजे थो माणूस खरं बोलून राह्यलता," ते म्हणाले.

"कोणता?"

"थो ड्रायव्हर. रूपराव. मॅच चालू होण्याआधी आमी संगच चहा पेलो. मंग दुसऱ्या हाफमधी थो म्हणे, ह्या दोघी टीमा मिळून खेळून राह्यल्या, आमच्या पोरीचा गळा कापून राह्यल्या. मी म्हणलं, माह्यी पोरगी हाय तिथं. जीभ हासडून टाकीन." ते आपल्या तळहाताकडे बघत राहिले. "मी त्याची गचांडी धरली रक्षा. सभ्य माणसाची."

रक्षाला वाटलं होतं, बाबा ओरडतील, निदान सरांना चार शिव्या देतील. ते गुडघ्यावर हात टेकून उठले.

"चाल."

"कुठं?"

"थे लोक गेले नसतीन अजून."

फाटकाबाहेर कडुनिंबाखाली मेळघाटची गाडी उभी होती. पोरी टपावर बॅगा चढवत होत्या आणि मध्येच नाचत होत्या. गाडीपासून थोड्या अंतरावर, भिंतीशी, प्रफुल सर उभे होते. ते किती वेळ तिथे होते कोण जाणे. पुढे जायचं धैर्य होत नव्हतं आणि निघून जाववत नव्हतं, असे ते उभे होते. रक्षा बाबांबरोबर येताना दिसली तेव्हा ते म्हणाले, "तू सांगतलं त्याइले?"

"हो, सर."

सरांनी मान हलवली. महादेवराव त्यांच्याशी एक शब्दही न बोलता पुढे गेले.

रूपराव टायर तपासत होता. महादेवरावांना बघून तो ताठ उभा राहिला, पुन्हा भांडण आलं अशा तयारीनं.

"भाऊ, माह्यं चुकलं," महादेवराव हात जोडून म्हणाले. "तुमी म्हणत होते थेच खरं होतं. मले माहीत नोतं. हे माह्यी पोरगी. हिनंच सांगतलं."

रूपरावनं रक्षाकडे पाहिलं. तिला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. तिनंही हात जोडले. तिच्याहून लहान पोरी टपावरून खाली वाकून बघत होत्या.

"जाऊ द्या नं आता," रूपराव अवघडून म्हणाला. "आमच्या पोरी त गेल्या पुढं." मग कॉलर सारखी करत त्यानं जोडलं, "पण तुमचा हात भारी हाय, बाप्पा."

कोणी हसलं नाही. मागून प्रफुल सर आले. ते आनंदाबाईंसमोर उभे राहिले.

"बाई, ह्या पोरीची काई चूक नाई. मीच सांगतलं होतं त्याइले."

"माहीत आहे," आनंदाबाई म्हणाल्या. "साऱ्या मैदानाला माहीत होतं, सर. तुम्हालाच वाटत होतं की कोणाला माहीत नाही."

सरांच्या चेहऱ्यावर असं काही आलं की रक्षानं नजर वळवली. आजवर तिनं त्यांना थकलेलं पाहिलं होतं, चिडलेलं पाहिलं होतं, मागच्या वर्षी रडलेलंही पाहिलं होतं. पण असं, भर दिवसा उघडं पडलेलं, कधी पाहिलं नव्हतं. सरांचं काय होईल, उद्यापासून आपण त्यांना सर कसं म्हणायचं, हे तिला सुचेना.

आनंदाबाई गाडीत चढता चढता थांबल्या. "खरं सांगू का? तासभर तुम्हाला मनातून शिव्या दिल्या मी. मग माझ्या मनात आलं, आमच्या हातात असतं तर मी काय केलं असतं? अजून उत्तर सापडलं नाही." त्यांनी रक्षाच्या खांद्यावर हात ठेवला. "पहिल्या हाफमधला तो बॉल फार चांगला अडवलास, बाई."

गाडी निघाली. मागच्या खिडकीतून दोघीतिघींनी हात हलवला; बाकीच्या आपल्या गाण्यात होत्या. सर भिंतीशी परत गेले नाहीत की संकुलातही गेले नाहीत. रस्त्यानं एकटेच चालू लागले. आता हाक मारावी असं रक्षाला वाटलं, पण हाक मारून म्हणायचं काय?

बाप-लेक स्टँडवर पोचले तोवर समुद्रपूरची गाडी निघून गेली होती. कौशल्याबाई पिशव्यांच्या गराड्यात बाकावर बसल्या होत्या, कपाळाला आठ्या.

"कंडक्टरले दोन डाव थांबोलं मी," त्या म्हणाल्या. "कुठं मेले होते दोघंबी? अन् तोंडं कायले अशी उतरली? एक मॅच हारली त काय जग बुडालं?"

महादेवराव बाकाच्या टोकाला बसले. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "हारल्याचं नाई वं," ते म्हणाले, आणि लेकीकडे वळले. "तूच सांग आईले."

रक्षा आईशेजारी बसली. नागपूरची गाडी लागल्याचं कोणीतरी भोंग्यावरून सांगत होतं, ते संपेपर्यंत ती थांबली.

"हाफटाइमले सर टँकरमागं उभे होते," ती म्हणाली. "अन् त्याइच्या हातात चहा होता."